त्या टोकाचा पीळ

१

प्रतीक्षाची वेणी मीच घालत असे. आजा नातीची वेणी घालतो म्हटलं की लोकांना हसू येतं, पण आमच्या घरी ते तसंच पडत गेलं. माझी बायको शालू गेली तेव्हा पोरगी शाळेत होती. सून सुचिता सकाळीच अंगणवाडीत जायची. मुलगा सुरतेला, कापडाच्या कारखान्यात. मग पोरीला वेणी कोण घालणार? माझे हात दोर वळणारे. उभा जन्म अंबाडीच्या वाखाचे, म्हणजे तिच्या सालीच्या धाग्यांचे, दोर वळले, बैलांचे कासरे केले, पाळण्याच्या दोऱ्या केल्या. तीन पेडांचं काम मला नवं नव्हतं. पहिल्या दिवशी इतकी घट्ट घातली की पोरगी म्हणाली, "आबा, मी काय बैल हाय का बांधाले?"

मग हात हलका करत गेलो.

ती मोठी झाली, संग्रामपूरला शिकली, इथं सोनाळ्यातच एका ऑनलाइन सेवा केंद्रात कामाला लागली. तरी सकाळी पाट घेऊन मधल्या खोलीत भिंतीपाशी बसायची, फणी मागं करायची आणि म्हणायची, "घ्या."

गेल्या हिवाळ्यात ती मैत्रिणीच्या लग्नाला नांदुऱ्याला गेली. तिथं सगळ्या पोरींनी मिळून पार्लरात केस सरळ करून घेतले, वर तांबूस रंग लावला. आली तेव्हा टीव्हीतल्या बाईसारखी दिसत होती. मी म्हणालो, "कोण वो तू? आमची पोरगी कोठी हाय?" ती हसली.

महिनाभरात ते हसू गेलं. माझ्या बोटांना आधी कळलं. चांगला केस बोटांतून सरकत जातो. हा अडखळत होता, उन्हापावसात पडलेल्या सुतळीसारखा. फणी फिरवली की तुकडे पडायचे. टोकं फाटलेली. पाटाखाली बारीक कचरा जमायचा.

आणि नेमकं तेव्हाच नांदुऱ्याचं स्थळ आलं. मुलगा दीपक, जिनिंगमध्ये कामाला, माणसं चांगली. पण मागं आपल्याच जिल्ह्यात काही गावांत लोकांचे केस अचानक गळाले, पेपरात फोटो आले. तेव्हापासून मुलगी पाहायला येणारे लोक बोलत नाहीत, पण आधी डोक्याकडं पाहतात.

सुचिता म्हणाली, "पाहुणे येतीन अन् हिच्या डोक्यावर झाडू दिसन त्याहिले."

प्रतीक्षा रात्री पाठ फिरवून झोपायची, रडायची. मी ऐकायचो.

२

मग ती बाटली आली. कुरिअरवाल्यानं आणून दिली. एवढीशी, पांढरी, तिच्यावर सगळं इंग्रजी.

"आबा, केसाच्या आतमदी बंध असतात," तिनं मला समजावलं. "लय बारीक. रंगानं, गरमीनं ते तुटले का केस फाटते. हे औषध आत जाते अन् तुटलेले बंध पुन्हा जोडते. बॉन्ड रिपेअर म्हणतात याले."

"मेलेलं कसं जुडीन वो माय?"

"केस तं मेलेलाच असते आबा. डोक्याबाहेर आला का मेला. म्हून तं कापला तरी दुखत नाई."

मला ते पटलं. दोरही तसाच. अंबाडी मेल्यावरच तिचा वाख होतो.

दर रविवारी ती डोकं धुवायची, टॉवेलनं टिपून घ्यायची, थोडंसं औषध तळहातावर घेऊन केसांना चोळायची आणि तसंच राहू द्यायची. धुवायचं नाही, असं त्यावर लिहिलं होतं म्हणे. ओल्या केसांत मग मी फणी घालायचो. वास गोडसर, थोडा दवाखान्यासारखा.

आता एक गोष्ट सांगायला पाहिजे. आमच्याकडं विंचरून निघालेले केस बाहेर फेकत नाहीत. वाऱ्यावर गेले, कुणाच्या हाती लागले तर काय, म्हणून बाया त्याचं गुंडाळं करतात आणि भिंतीच्या फटीत, कोनाड्यात खुपसून ठेवतात. त्याला गुंतवळ म्हणतात. मग केसावर भांडी देणारी बाई गावात आली की तिला ते देतात आणि एखादं डबकुलं, चहाची गाळणी घेतात. आमचा कोनाडा मधल्या खोलीत, पाटावर बसलेल्या माणसाच्या डोक्याच्या वर. भिंत पांढऱ्या मातीची, जाड. कोनाडा आत कुठवर जातो ते मी कधी हात घालून पाहिलं नव्हतं.

शालू गेली तेव्हा तिची गुंतवळ त्यातच होती. मी ती दिली नाही. भांडीवाली आली की मी वरचे वरचे केस काढून द्यायचो, तळातले राहू द्यायचो. सुचिताला माहीत होतं, ती बोलायची नाही.

पोरीच्या डोक्यातून निघालेले ते ओले, औषध लागलेले केस मी रोजच्यासारखे बोटाला गुंडाळले आणि त्याच कोनाड्यात खुपसले. दुसरीकडं कुठं ठेवणार?

३

गुण आला. दोन-तीन रविवारांत केस बोटांतून सरकायला लागले. पाटाखालचा कचरा बंद झाला. मग एक दिवस फणी काढली तर फणीत एकही केस नाही. मी उजेडात धरून पाहिली. धडधाकट बाईच्याही फणीत दोन-चार केस येतातच.

"पाह्य, एक नाई," मी म्हणालो.

"मंग चांगलं हाय ना आबा!"

चांगलंच होतं. मी तिच्या खुशीत खूश झालो.

पण वेणी संपेना. तिची वेणी कंबरेच्या थोडी वर संपायची, तिथं मी रबर लावायचो. हाताला सवय होती, न बघता तिथं थांबायचा. आता तिथं पोचलो तरी पेड हातात उरायचे. एवढ्या लवकर केस वाढत नाहीत. मी म्हटलं, आधी तुटलेले होते, आता तुटत नाहीत, म्हणून लांब वाटत असतील.

मग टोकाला पांढरं दिसलं.

केस पांढरा होतो तो मुळाकडून. हे कुणीही सांगेल. माझे तसेच झाले, शालूचे तसेच झाले. प्रतीक्षाच्या मुळाशी काळे कुळकुळीत केस होते, मध्ये तो पार्लरचा तांबूस रंग, आणि खाली वीतभर पांढरे. मी टोक नाकापाशी नेलं. औषधाचा वास नव्हता. करडईच्या तेलात मेथी जाळली की येतो तो वास होता. आमच्या घरात ते तेल शालू करायची. ती गेल्यावर कुणी केलं नाही.

"काय झालं आबा? थांबले काऊन?"

"काई नाई. गुंता होता."

मी रबर वर लावलं आणि पांढरं टोक आत दुमडून टाकलं.

४

आवाज दुपारी यायचा.

सुचिता अंगणवाडीत, पोरगी केंद्रात, मी मधल्या खोलीत आडवा. बाहेर ऊन असं की कुत्रंही भुंकत नाही. अशा वेळी भिंतीतून खर्र आवाज यायचा. मग थांबायचा. मग पुन्हा खर्र. आणि मग बारीकसं टक.

उंदीर, मी म्हटलं. पांढऱ्या मातीत उंदीर बिळं करतात. मी उठून भिंतीला कान लावला. आवाज बंद. पुन्हा आडवा झालो. खर्र. खर्र. टक.

उंदीर टक करत नाही. लाकडी फणी डोक्यावरून ओढली की खर्र वाजते, आणि फणीतली घाण पाडायला ती दगडावर आपटली की टक. मी हा आवाज किती वर्षं ऐकला ते सांगता येणार नाही. शालू न्हाऊन आली की मागच्या दारात बसून असंच करायची.

मी काठी घेऊन घराला वळसा घालून भिंतीच्या पाठीमागं गेलो. तिथं मोकळी जागा आहे, शेजाऱ्यांची शेळी बांधलेली असते. मी भिंत वरून खालपर्यंत चाचपली. बीळ नाही, भेग नाही. ऊन पडून माती इतकी तापली होती की तळहात ठेववेना. शेळी मात्र दावं ताणून भिंतीपासून जितकं दूर जाता येईल तितकं दूर जाऊन उभी होती. आणि तिच्या गळ्याला दावं रुतलं होतं तरी मागं सरकत नव्हती.

घरात परत आलो. कोनाड्याखालची भिंत थंड होती. रांजणासारखी थंड.

५

बनाबाई आली ती त्याच आठवड्यात. डोक्यावर भांड्यांची पाटी, खांद्याला केसांचं बोचकं. "केसाऽवर भांडंऽऽ," अशी हाक देत ती गल्लीत शिरली की पोरंसोरं तिच्या मागं ओरडायची आणि ती त्यांना म्हणायची, "तुह्या मायचे केस उपटून आण, मंग फुगा देतो."

"काय आबा, हाय काई?" ओसरीत पाटी उतरवत ती म्हणाली.

"हाय थोडे. पण तळातले घेऊ नको."

"माह्यीत हाय मले. म्हातारीचे ठेवा तुम्हीच. अजून तिच्याच नावानं बसा." ती हसत कोनाड्यापाशी गेली आणि सवयीनं आत हात घातला.

तिचा हात कोपरापर्यंत आत गेला. हसू तसंच राहिलं, पण डोळे बदलले.

"आबा, हे मोकळं नाई."

"मोकळंच ठेवलं व्हतं मी."

तिनं ओढून पाहिलं. बाहेर आली ती गुंतवळ नव्हती. गुंतवळ म्हणजे कापसासारखा गोळा. बनाबाईच्या मुठीत सरळ, एकसारखे, पिळलेले केस होते. कुणीतरी वाखाचा दोर वळावा तसे. एक टोक तिच्या मुठीत, बाकी आत.

"काऊन, ओढ की," मी म्हणालो.

"ओढून राह्यली आबा." तिनं दुसरा हात लावला. मग एकदम दोन्ही हात सोडले. केस सावकाश आत गेले. पडले नाहीत. आत गेले.

बनाबाईनं पदरानं हात पुसले. पुन्हा पुसले. मी चहाचं विचारलं तर म्हणाली, "नाई, अजून तिकडचे घरं राह्यले." पाटी उचलताना तिचं एक झाकण आमच्या ओसरीत राहिलं. मी हाक मारली. तिनं मागं पाहिलं नाही. बनाबाई आपलं भांडं विसरणारी बाई नाही.

६

मी भ्यालो का? हो. पण तेव्हा माझी भीती वेगळी होती, आणि तिच्यात थोडी गोडी मिसळलेली होती. मला वाटलं, शालू आहे.

वास तिचा, फणीचा आवाज तिचा, केस तर तिचेच. तुटलेलं जोडायचं ते औषध, त्यानं पोरीचे केस आजीच्या केसांना जोडले असतील. कसे, ते मला अडाण्याला काय कळणार? पण आजी नातीचं वाईट का करील? दुपारी मी कोनाड्याखाली बसून हळूच बोलायला लागलो. "पोरीचं लग्न जमून राह्यलं बरं," मी सांगायचो. "मुलगा निर्व्यसनी हाय." खर्र, असा आवाज यायचा. मला वाटायचं, ऐकतेय.

म्हणून मी कुणाला सांगितलं नाही. ती माझी चूक.

नांदुऱ्याचे पाहुणे आले. दीपकच्या आईनं, रुक्मिणीबाईंनी, पोह्याची ताटली बाजूला ठेवली आणि प्रतीक्षाची वेणी हातात घेऊन म्हणाल्या, "काय केस हाय वो पोरीचे! आजकाल पाहाले भेटत नाई." सुचितानं माझ्याकडं पाहिलं, तिचे डोळे भरले होते. पांढरं टोक मी सकाळीच आत दुमडून वर गजरा बांधला होता. तारीख निघाली.

पण पोरगी सुकत चालली. डोळ्यांखाली काळं आलं. केंद्रातून दुपारी जेवायला घरी यायची ती परत जायची नाही. भिंतीपाशी पाट टाकून, पाठ टेकून, मोबाईल मांडीवर ठेवून बसायची. मान मागं पडलेली.

"थंडी हाय इथली भिंत," ती म्हणायची. "बरं वाटते."

"मान दुखून राह्यली म्हणत होती ना?"

"ते तं डोकं जड झालं म्हून."

सुचिता म्हणाली, "मामाजी, लग्नाच्या पोरीले असं होतेच. घर सोडाचं म्हटलं का झोप उडते. तुम्ही तिले उगाच विचारू नका."

मी विचारणं सोडलं. रविवारी ती औषध लावायची. आता मला वेणी घालू देत नव्हती. "माह्यी मी घालतो आबा," म्हणायची. सकाळी उठून पाहावं तर वेणी घातलेली असायची, इतकी सफाईदार, की मागून स्वतःच्या हातानं तशी घालता येत नाही.

७

त्या दिवशी मी रेशन दुकानातून आलो. उन्हातून आल्यावर घरात काही दिसत नाही, म्हणून उंबऱ्यात थांबलो. आधी आवाज आला. खर्र. मग डोळे सरावले.

प्रतीक्षा भिंतीपाशी बसलेली होती. डोळे मिटलेले, तोंड थोडं उघडं. तिची वेणी पाठीवर नव्हती. डोक्यामागून सरळ वर गेली होती आणि कोनाड्यात शिरली होती. ताणलेली. मोटेचा नाडा भरल्या मोटेनं ताणतो तशी.

"पोरी," मी म्हटलं.

तिनं डोळे उघडले नाहीत. "दुखत नाई आबा," ती म्हणाली. "राहू द्या."

मी जवळ गेलो. मला वाटलं, वेणी कोनाड्यात अडकली, सोडवून घेऊ. खाली वाकलो तेव्हा पाटाकडं नजर गेली. ती बसल्यासारखी होती, पाय दुमडलेले, हात मांडीवर. पण ती पाटावर टेकलेली नव्हती. तिच्या आणि पाटाच्या मधून माझा हात सहज गेला असता.

माझ्या तोंडून शालूचं नाव निघालं. "शालू, सोड तिले," मी म्हणालो. "लेकरू हाय आपलं."

आणि मी वेणी धरली.

दोर वळायला दोन माणसं लागतात. एकानं या टोकाला बसून वाख पुरवत जायचं. दुसऱ्यानं त्या टोकाला आकडा फिरवत पीळ देत जायचा. मधे लांबच लांब दोर. बोलणं होत नाही, पण दोरातून त्या टोकाचा माणूस कळतो. शालू थकली की मला दोरातून कळायचं. रागात असली की कळायचं. तिला पदर सावरायची सवय होती. जरा पीळ दिला की ती थांबायची, पदर खोचायची, आणि मग पुन्हा फिरवायची. त्या थांबण्याच्या वेळी दोर माझ्या हातात श्वास घेतल्यासारखा ढिला व्हायचा. उभा जन्म मी तिचा हात असा ओळखला.

मी वेणी धरून त्या थांबण्याची वाट पाहिली.

ते आलं नाही.

पीळ येतच राहिला. सावकाश, एकसारखा, उलट्या अंगानं, डावीकडं. त्यात थकवा नव्हता, राग नव्हता, घाई नव्हती. ज्याला कधीच थांबावं लागत नाही, असं काहीतरी त्या टोकाला बसलं होतं. वास शालूचा होता, केस शालूचे होते. हात तिचा नव्हता. आणि माझ्या मनात आलं की मग फणी कोण ओढत होतं, मी इतके दिवस कोणाला पोरीच्या लग्नाची तारीख सांगत बसलो होतो.

त्याच क्षणी मला दुसरंही कळलं. त्या टोकाला पीळ देणारा होता. या टोकाला वाख पुरवणारं कुणी नव्हतं. या टोकाला वाख म्हणून माझी नात होती.

दोर कापायचा विळा दाराच्या मागं असायचा. एका हातानं वेणी धरून मला तिथवर पोचायचं होतं, आणि वेणी सोडायची हिंमत नव्हती. मी पायानं दार ओढलं. विळा खाली पडला. तो उचलेपर्यंत पोरीचे पाय पाटाच्या वर आणखी सरकले होते. मी तिच्या मानेपासून चार बोटांवर विळा लावला. केस कापायला जड जात नाहीत. हे गेले. विळा फिरत होता आणि आत, भिंतीच्या खूप आत, खर्र खर्र असं घाईनं वाजायला लागलं होतं.

वेणी तुटली. पोरगी पाटावर आदळली आणि किंचाळली.

कापलेलं टोक कोनाड्याकडं निघालं होतं. मी विचार केला नाही. दोर वळणारा माणूस सुटं टोक जाऊ देत नाही, ती हातांची सवय आहे. मी ते धरलं, कोनाड्याशेजारच्या खुंटीला वेढे दिले आणि गाठ मारली. खुंटी कुरकुरली. पण धरून राहिली.

८

"मामाजी, तुमचं डोकं फिरलं काय?" सुचिता म्हणाली. ती मला असं कधी बोलली नव्हती. "लग्नाच्या पोरीचे केस कापले तुम्ही? इळ्यानं?"

"अडकली व्हती वेणी."

"मंग सोडवाची व्हती! दोराच्या गाठी सोडवता येतात तुम्हाले, वेणी नाई येत?"

प्रतीक्षाला काहीच आठवत नव्हतं. डुलकी लागली होती, एवढंच. आरशात पाहून ती जमिनीवर बसली आणि केस मुठीत धरून रडली. मानेपर्यंत राहिले होते. ती माझ्याशी बोलेनाशी झाली.

नांदुऱ्याला कळवलं की कूलरच्या पंख्यात वेणी अडकली, कापावी लागली. दीपक फोनवर म्हणाला, "जीव वाचला ना? केस वाढतीन." त्या एका वाक्यासाठी तो मुलगा मला आवडला.

सुचिता गंगावण आणायला निघाली, खोटी वेणी, लग्नात लावायला. मी उंबऱ्यात आडवा बसलो. "कोणाचे केस असतात ते, माह्यीत हाय का तुले?" मी विचारलं. "अशाच कोनाड्यातले असतात." तिनं पायातली चप्पल काढली. मग आत गेली. लग्नात पोरीनं नुसता गजरा माळला. लोक काय बोलले ते बोलले.

सासरी जाताना पोरगी सगळ्यांच्या गळ्यात पडली. माझ्यापाशी आली, खाली वाकली, पाया पडली, आणि उठली. मी तिच्या डोक्यावर हात ठेवला. केस मऊ होते. तोकडे, मोकळे, तिचेच.

मला वाटलं, एवढं पुष्कळ झालं.

९

कोनाडा मी बुजवला. माती मळून, भुसा घालून, चांगला लिंपला. फक्त त्या दोराला बाहेर यायला बोटभर फट ठेवली. सुचितानं विचारलं तर म्हणालो, कपडे वाळत घालायला बांधलाय. टोक आत जाऊ दिलं असतं तर? आत गेलेलं टोक पुन्हा कुठून बाहेर येईल ते आपल्याला कळत नाही. हातात असलेलं निदान कळतं.

रोज दुपारी मी जायचो आणि दोराला बोट लावायचो. ताठ असायचा. मग मी येऊन आडवा व्हायचो. माझ्यानंतर याला बोट कोण लावील, एवढाच घोर होता.

आज दुपारी सुचिताच्या मोबाईलवर फोन आला. अंगणवाडीला सुट्टी होती, ती आंघोळीला गेली होती, मी उचलला.

"आबा?"

इतक्या दिवसांनी तिनं मला हाक मारली. मी म्हणालो, "बोल वो माय."

"कसे हायत? जेवले का?" आवाज खुशीत होता, थोडा झोपाळलेला. "रागावली व्हती मी तुमच्यावर. आता नाई. आबा, केस लय चांगले आले माह्ये. तुम्ही पाह्यले तं ओयखनारच नाई. खांद्याच्या खाली गेले."

"एवढ्यात?"

"ते औषध नेलं व्हतं ना सोबत. अर्धी बाटली व्हती अजून. आता फणीत एक केस येत नाई."

मी खाटेवरून उठलो.

"पोरी, विंचरलेले केस कोठी टाकते तू?"

"टाकतो कायले? तुम्हीच तं शिकवलं. सासूबाईनं जागा दाखवली पह्यल्याच दिवशी. इथं मागच्या खोलीत भिंतीत फट हाय, त्याहिच्या सासूपासून सगळ्या बाया तिथंच ठेवतात. पह्यले पह्यले निघत व्हते ना, ते ठेवले तिथं." ती जांभई देत हसली. "तिथंच बसली आता. मस्त थंडी भिंत हाय आबा, आपल्या घरच्यासारखी."

"तिथून ऊठ."

"हं?"

"प्रतीक्षा, ऊठ तिथून. उन्हात जाय. दीपकले बलाव."

"डोकं जड झालं आबा. उठतो जराशानं."

फोन कानाला धरून मी मधल्या खोलीत गेलो. भिंत लिंपलेली तशीच होती. खुंटी तशीच होती, गाठ तशीच होती. मी रोजच्यासारखं बोट लावलं.

दोर ढिला होता.

शालू त्या टोकावरून उठायची तेव्हाच दोर असा पडायचा. काम संपलं म्हणून उठायची नाही ती. इथलं सोडून दुसरीकडं कुठं बसायचं असलं, की उठायची.

फोनमध्ये पोरीचा श्वास येत होता, लहानपणी झोपल्यावर यायचा तसा. त्याच्या मागं, खूप जवळून, खर्र असा आवाज आला.

मी ओरडत होतो. पोरगी म्हणाली, "दुखत नाई आबा."